डावीकडची लुकलुक

कंप्युटर दुरुस्त करणाऱ्याला मी फोनवर सांगितलं, की खेळ चालू केला की पडद्याची डावी बाजू लुकलुकते. तो म्हणाला, "लुकलुकते म्हणजे फडफडते, थरथरते, की मिचमिचते?" मी म्हटलं, "अहो, शब्दांचे अर्थ विचारायला फोन नाही केलेला मी. दिसते, जाते, दिसते, जाते. यालाच लुकलुकणं म्हणतात." तो म्हणाला, "एकदा बंद करून परत चालू करून बघा."

हे वाक्य मी स्वतः दिवसभर लोकांना ऐकवते. गिझर बनवणाऱ्या एका कंपनीच्या तक्रार विभागात मी फोन घेते. त्यामुळे हे वाक्य कधी म्हणतात ते मला पक्कं ठाऊक आहे. पुढे काय सांगावं ते सुचत नसलं की म्हणतात.

खेळ बाबांचा होता. बाबा पेंटर, पाट्या रंगवणारे. दुकानांच्या, दवाखान्यांच्या, शाळांच्या. आता सगळं छापून मिळतं, तरी बाबांचं अक्षर बघून लोक त्यांच्याकडे येत होते. रंगाचा पहिला हात वाळल्याशिवाय दुसरा हात मारता येत नाही, आणि मधल्या वेळात करायचं काय, म्हणून त्यांनी दुकानात एक जुना कंप्युटर ठेवला होता आणि त्यावर हा एकच खेळ. एक बंदर. दोन्ही बाजूंनी बोटी येतात. लाल बोट लाल धक्क्याला लावायची, हिरवी हिरव्या. दोन बोटी एकमेकींवर आदळल्या की डाव संपला. इतका साधा, इतका जुना, की आजचं पोर त्याच्याकडे ढुंकूनही बघणार नाही. बाबा मात्र त्यात पटाईत. एका हातात चहाचा कप धरून दुसऱ्या हाताने अख्खं बंदर सांभाळायचे.

मग त्यांच्या मेंदूत रक्ताची गुठळी अडकली. देवाच्या दयेने वाचा गेली नाही, हातपायही बऱ्यापैकी परत आले. गेली ती डावी बाजू. म्हणजे हात-पाय नव्हे, जगाचीच डावी बाजू. डॉक्टर म्हणाले, "डोळे उत्तम आहेत. डावीकडचं डोळ्यांपर्यंत पोचतं, पण मेंदू त्याची दखलच घेत नाही."

"म्हणजे डावी बाजू डावलतो," मी म्हटलं.

डॉक्टरांना आधी हसू आलं. मग म्हणाले, "अगदी बरोबर. हाच शब्द."

घरी आणल्यावर त्याचा अर्थ कळला. बाबा उजव्या गालाची दाढी करायचे आणि आरशासमोरून समाधानाने उठायचे. ताटातलं उजवीकडचं जेवायचे आणि म्हणायचे, "भाजी वाढलीच नाहीस." आई बिचारी ताट गर्रकन फिरवायची, की लगेच, "आत्ता वाढलीस होय?" दाराच्या डाव्या चौकटीवर खांदा रोज आपटायचा आणि दोष चौकटीचा. पेपर वाचायचे तर शब्दांची सुरुवातच गायब. एका मोठ्या साहेबाला कोर्टाने बेजबाबदार म्हटलं होतं, तर बाबांनी मोठ्याने वाचलं, "जबाबदार," आणि त्याचं कौतुक करत बसले. व्यायाम शिकवायला येणाऱ्या फिजिओबाईंनी कागदावर लिहिलं, "प्रगती," आणि खालच्या ओळीत, "असमाधानकारक." बाबांनी तो कागद आईला दाखवला. "बघ, समाधानकारक लिहिलंय." आईने मान डोलावली आणि स्वयंपाकघरात जाऊन नळ मोठा सोडला.

काका भेटायला आले ते नेमके डावीकडच्या खुर्चीत बसले. तासभर बसले. बाबा उजवीकडे आईशी बोलत राहिले, मधे एकदा म्हणालेही, "माझा भाऊ काही अजून फिरकला नाही." काका ताडकन उठून गेले आणि नातेवाइकांत सगळीकडे फोन गेले, की मोठ्या भावाने मला डावललं. आईने त्यांना फोन करून समजावलं, "भावजी, डावललं नाही हो. तुम्ही डावीकडे बसला होतात." ते ऐकून काकांना आणखीच राग आला. आमच्या घरात हे असंच चालतं.

आणि दुकानाचा प्रश्न डोक्यावर होता. डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं होतं, की स्वतःहून डावीकडे लक्ष जायला लागल्याशिवाय एकट्याने बाहेर पडायचं नाही, रस्ता ओलांडायचा नाही, शिडी तर विसराच. जे परत यायचं ते बहुधा सुरुवातीच्या महिन्यांतच येतं, नंतर कठीण. दादा, म्हणजे माझा थोरला भाऊ, दुसऱ्या गावाहून फोनवर म्हणत होता, "उगाच आशा नको धरू. दुकान देऊन टाकू." पुढच्या तपासणीपर्यंत थांब, असं म्हणून मी त्याला कसाबसा थोपवला होता. बाबा रोज सकाळी विचारायचे, "मी दुकानात कधी जायचं?" या प्रश्नाने माझा जीव टांगणीला लागला होता. पाट्या रंगवल्या नाहीत तर या माणसाचं काय उरतं, ते मला माहीत आहे.

फिजिओबाई म्हणाल्या, "त्यांच्या आवडीचं काहीतरी डावीकडे असू दे. डोळ्यांना तिकडे जायची सवय लागली पाहिजे. आणि तुम्ही नेहमी डावीकडेच बसायचं. कितीही वाटलं तरी उजवीकडे जायचं नाही."

आवडीचं म्हटल्यावर मला बंदर आठवलं. निम्म्या बोटी डावीकडूनच येतात. दुकानातला कंप्युटर कधीच मेला होता, पण खेळाची सीडी डब्यात होती. मी ती माझ्या लॅपटॉपमध्ये चढवली, समोर मोठा मॉनिटर जोडला आणि बाबांना खुर्चीत बसवलं. खेळ सुरू झाला आणि डावीकडचा पाव पडदा लुकलुकायला लागला. समुद्र दिसायचा, जायचा, मागचं माझ्या ऑफिसचं निळं चित्र दिसायचं, परत समुद्र. दोन मिनिटांत माझं डोकं ठणकायला लागलं.

बाबा मात्र मजेत. उजवीकडून येणारी प्रत्येक बोट बरोबर धक्क्याला लावत होते. डावीकडून एक बोट निघाली, पडद्याच्या मध्यावर आली आणि धाडकन दुसरीवर आदळली.

"खेळ बिघडलाय," बाबा म्हणाले. "बोटी मधूनच उगवतात."

"बाबा, डावं बघा, डावं."

"डावच बघतोय ना. दुसरं काय करतोय?"

"डाव नाही हो. डावं. डावीकडे."

"डावीकडे काय आहे?"

"समुद्र आहे."

"समुद्र उजवीकडे आहे," बाबा आईला म्हणाले, कारण आई उजवीकडे उभी होती. "ही पोरगी कधीपासून मला बंदर शिकवायला लागली?"

त्यांना माझा आवाज ऐकू येत होता. पण उत्तर द्यायला ते आईकडे वळायचे. मी डावीकडून बोलायची आणि माझी उत्तरं आईला मिळायची. हा प्रकार दिवसभर. मी बाबांची लाडकी. लहानपणी माझं डोकं खेळण्यातल्या पिस्तुलाच्या टिकलीसारखं फट्दिशी फुटायचं, म्हणून त्यांनी माझं नावच टिकली ठेवलं होतं. आणि आता मी त्यांच्या कोपराला कोपर लावून बसलेली असताना ते आईला विचारायचे, "टिकली आली नाही का अजून ऑफिसातून?" मला राग यायचा. खरं सांगायचं तर रडू यायचं, पण माझं रडू रागाच्याच दारातून बाहेर पडतं.

एकदा मी उठले आणि उजवीकडे जाऊन उभी राहिले. बाबांचा चेहरा उजळला. "अगं, आलीस? दमलीस का? बस." इतकं सोपं होतं. आईने माझ्याकडे फक्त बघितलं. मी परत डावीकडे जाऊन बसले, आणि बाबांच्या लेखी मी उठून गेले.

तर माझं असं पक्कं मत झालं, की सगळं खापर त्या लुकलुकीवर. लुकलुकणाऱ्या ट्यूबलाइटखाली कोणी बसतं का? मग लुकलुकणाऱ्या समुद्राकडे बाबा कशाला बघतील? चित्र स्थिर झालं की डोळे आपसूक तिकडे जातील. मी हात धुऊन त्या लुकलुकीच्या मागे लागले.

बंद करून चालू करून झालं. मग ड्रायव्हर, म्हणजे पडद्यावर चित्र उमटवणारा प्रोग्राम, नवीन टाकला. खेळ सुरूच होईना, नुसता बंदराचा भोंगा वाजायला लागला. तो काढून जुना टाकला. मग कोणीतरी सांगितलं, की खेळाला जुन्या विंडोजमध्ये आहोत असं खोटंच भासवायचं, तशी एक खूण करता येते. ती केली. खेळ फसला, पण लुकलुक फसली नाही. रंग कमी केले तर लाल बोट आणि हिरवी बोट दोन्ही तपकिरी झाल्या. बाबा रंगांचा माणूस, ते भडकले. "हा काय रंग आहे? कोणी मिसळला?" पडद्याचं माप बदलून पाहिलं तर अख्खं बंदर पोस्टाच्या तिकिटाएवढं होऊन कोपऱ्यात जाऊन बसलं, तेही डाव्या. बाबा म्हणाले, "खेळ गेला." मी कपाळाला हात लावला.

इंटरनेटवर अशा जुन्या खेळांच्या चर्चा असतात. तिथे एकाने कितीतरी वर्षांपूर्वी लिहिलं होतं, की याच खेळात माझीही डावी बाजू लुकलुकते, कृपया मदत करा. मी सरसावून बसले. त्याखाली त्यानेच लिहिलं होतं, "सुटला प्रॉब्लेम. धन्यवाद." बास. कसा सुटला? कोणाचे धन्यवाद? चार ओळी लिहायला याच्या बोटांना काय झालं होतं? असा माणूस समोर भेटला तर मी त्याला काय म्हणेन ते इथे लिहिण्यासारखं नाही.

दादाला फोन केला. तो म्हणाला, "अगं, एखादा नवीन खेळ घेऊन दे की." मी म्हटलं, "नवीन खेळ शिकायला त्यांना डावी बाजू लागेल." तो म्हणाला, "म्हणूनच म्हणतोय, दुकान..." मी फोन ठेवून दिला.

घरात येईल तो त्या पडद्याला नावं ठेवायचा. आई म्हणायची, "मला तर बघवत नाही बाई, गरगरतं." शेजारच्या वहिनी साखर मागायला आल्या आणि डोळ्यांवर हात धरून गेल्या. फिजिओबाई म्हणाल्या, "याचं काहीतरी करा हो." फक्त एका माणसाची तक्रार नव्हती. मी विचारायची, "बाबा, तुम्हाला त्रास नाही होत या लुकलुकण्याचा?"

"कुठे लुकलुकतंय?" बाबा आईला म्हणायचे. "चांगलं स्वच्छ चित्र आहे. तुम्ही दोघी डोळे तपासून घ्या."

ज्याच्यासाठी जिवाचा आटापिटा करायचा त्यालाच पत्ता नाही. तळपायाची आग मस्तकात जायची. मग लक्षात यायचं, की यांना पत्ता नाही म्हणून तर हे सगळं चाललंय, आणि राग ठेवायला जागाच राहायची नाही. तपासणी जवळ येत होती. दाराच्या चौकटीवर खांदा रोज आपटतच होता. उजवा गाल गुळगुळीत, डाव्यावर खुंट वाढलेले. आईने आता दाढी स्वतः करायला घेतली होती, आणि तिने तसं करणं म्हणजे हात टेकणं होतं, हे तिलाही कळत होतं आणि मलाही.

शेवटी मीच त्या कंप्युटरवाल्याच्या दुकानात जाऊन उभी राहिले. पडद्याचा मोबाइलवर घेतलेला व्हिडिओ त्याच्यासमोर धरला आणि म्हटलं, "आता विचारा, फडफडतंय की थरथरतंय."

त्याने बराच वेळ बघितलं. मग म्हणाला, "मॅडम, खेळ जुना, मशीन नवीन. खेळ बनवला तेव्हा मशीन सावकाश चालायची. आता तो सुसाट सुटतो. पडद्यावर एक चित्र पुरतं उमटायच्या आत दुसरं येऊन आदळतं."

"म्हणजे पहिला हात वाळायच्या आत दुसरा मारला," मी म्हटलं.

त्याला ते कळलं नाही. "एक छोटी फाइल आहे. खेळाच्या फोल्डरमध्ये नुसती टाकायची. ती खेळाला लगाम घालते. थांबून थांबून चित्र काढ म्हणते."

"पण डावीकडेच का लुकलुकतं?"

"ते खेळ बनवणाऱ्याला विचारा." त्याने फाइल पेन ड्राइव्हवर घालून दिली. आधीच दिली असती तर माझे किती केस काळे राहिले असते.

घरी आले तेव्हा दुपार होती. आई आतल्या खोलीत कपड्यांच्या घड्या घालत होती आणि बाबा खेळायला बसले होते. तिनेच लावून दिलं असावं. मी पेन ड्राइव्ह हातात धरून त्यांच्या डावीकडच्या खुर्चीत बसले. म्हटलं, "बाबा, जरा थांबवता का? एक फाइल टाकायचीय."

"हा डाव होऊ दे," बाबा उजवीकडच्या रिकाम्या खुर्चीला म्हणाले.

मी थांबले. दुसरं काय करणार? लुकलुक नको म्हणून नजर पडद्यावरून काढून बाबांच्या चेहऱ्याकडे लावली. डावीकडून त्यांचा चेहरा मी इतके दिवस बघत होते, की तो मला पाठ झाला होता. कान, गाल, आणि कायम पलीकडे वळलेला डोळा. उजवीकडून एक लाल बोट आली, त्यांनी ती धक्क्याला लावली. एक हिरवी आली, तीही लावली. मग त्यांचा हात माउसवर थबकला.

कपाळाला आठी पडली. आधी डोळे हलले, पडद्याच्या मध्यावर आले, तिथे अडखळले. मग हनुवटी हलली. दार गंजलेलं असलं की जसं अडत अडत उघडतं, तशी त्यांची मान अडत अडत वळत होती. मध्याच्या पलीकडे गेली.

"हे काय आहे?" बाबा म्हणाले.

"काय, बाबा?"

"हे. इथे. सारखं लुकलुकतंय." त्यांनी बोट उचललं आणि पडद्याच्या डाव्या बाजूवर, थेट समुद्रावर ठेवलं. "दिसतंय, जातंय. डोळ्याला किती त्रास होतो याचा. केव्हापासून आहे हे असं?"

ज्या लुकलुकीचा नायनाट करायला मी जंग जंग पछाडलं होतं, तिनेच त्यांना ओढून तिकडे नेलं होतं. आई हातातली चादर तशीच घेऊन दारात आली. तिने बाबांचं बोट कुठे आहे ते पाहिलं आणि चादर तोंडाशी धरली.

"तुम्हा लोकांना दाखवल्याशिवाय काही दिसतच नाही," बाबा चिडून म्हणाले. "माणूस इतके दिवस इथे बसून खेळतोय आणि कोणी एक शब्द काढला नाही." आणि बोलता बोलता, मी कुठे काय बोलले म्हणून नव्हे, नुसती आणखी कोणाला तरी रागवायला, त्यांची मान पडद्यापासून पुढे वळली, अजून डावीकडे, आणि त्यांचे डोळे माझ्यावर आले. थेट. दोन्ही.

"टिकले," ते म्हणाले, "तू कधी आलीस?"

"आत्ताच," मी म्हटलं.

"मग रडतेयस काय? तेवढं लुकलुकणं बंद कर आधी."

पेन ड्राइव्ह माझ्या मुठीत रुतला होता. "मला नाही येत, बाबा."

"मग कोणाला तरी बोलाव," बाबा म्हणाले आणि वैतागून परत त्या डाव्या कोपऱ्याकडे बघायला लागले, आणि मी त्यांना बघू दिलं.